आर्कमध्ये डिफिकल्टी वाढवली तरी डायनो जुन्याच लेव्हलचे? कन्सोलवरचा नेहमीचा घोळ

डिफिकल्टीचा, म्हणजे खेळ किती अवघड ते ठरवणारा, स्लायडर शेवटपर्यंत ओढला, 'मॅक्सिमम डिफिकल्टी'च्या चौकटीत टिक केली, जग पुन्हा चालू केलं आणि किनाऱ्यावर उतरलो. समोर लेव्हल 3 चा डोडो. थोडं पुढे लेव्हल 11 चा पॅरासॉर. टेकडीमागे ट्रायसेराटॉप्स, लेव्हल 17. मेन्यूत परत जाऊन पाहिलं तर टिक जागच्या जागी, स्लायडरही टोकाला. गेम बंद केला, कन्सोल बंद करून पुन्हा चालू केला. डोडो तिथेच, लेव्हल 3.

'आर्क: सर्व्हायव्हल इव्हॉल्व्हड' हा डायनासोरांच्या जगातला गेम कन्सोलवर एकट्याने खेळणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाला कधी ना कधी हा अनुभव येतो. एकदा सुटला असं वाटतं आणि काही आठवड्यांनी, नवा नकाशा सुरू केला की पुन्हा डोकं वर काढतो. मी यात बरेच दिवस घालवले. नंतर कळलं की माझी सेटिंग पहिल्याच दिवशी लागू झाली होती. मी तिचा परिणाम चुकीच्या ठिकाणी शोधत होतो.

सेटिंग लागते, पण फक्त पुढे जन्मणाऱ्यांना

रानटी प्राण्याची लेव्हल तो नकाशावर उगवतो त्या क्षणी ठरते आणि मग आयुष्यभर बदलत नाही. डिफिकल्टीचा स्लायडर म्हणजे पुढच्या जन्मांसाठीचा नियम. आधीच फिरत असलेल्या प्राण्यांना तो हात लावत नाही. ते प्राणी जगाबरोबर सेव्ह होतात, त्यामुळे गेम कितीही वेळा बंद-चालू करा, जुना डोडो जुन्याच लेव्हलने परत येतो. तो मरेपर्यंत त्याची जागा रिकामी होत नाही, आणि जागा रिकामी झाल्याशिवाय नव्या नियमाचा प्राणी तिथे उगवत नाही. एकट्या खेळाडूच्या जगात तर नकाशाचा मोठा भाग तुम्ही महिनोन्‌महिने पाहतही नाही. तिथले प्राणी कोण मारणार?

म्हणून इलाज एकच, जुनी पिढी हटवायची. तुमच्या तळाच्या आसपासचे कमी लेव्हलचे प्राणी हाताने मारत गेलात तर त्यांच्या जागी हळूहळू नव्या लेव्हलचे येऊ लागतात. आदेश टाइप करायला ज्यांचं मन घेत नाही त्यांनी हा मार्ग घ्यावा, पण संपूर्ण नकाशासाठी तो पुरत नाही. त्यासाठी एक आदेश आहे.

आधी खात्री करा की अर्धवट टेम, म्हणजे पाळीव, होत असलेला कोणताही प्राणी कुठे बेशुद्ध पडलेला नाही. टेमिंग पूर्ण होईपर्यंत तो रानटीच धरला जातो आणि बाकीच्यांबरोबर जातो. मी एकदा तासभर जपलेला अँकायलो असाच घालवला. तुमचे टेम केलेले प्राणी मात्र सुरक्षित राहतात, त्यांना काही होत नाही.

मग खेळ थांबवून पॉज मेन्यू उघडा. प्लेस्टेशनवर एल-वन, आर-वन, चौकोन आणि त्रिकोण ही चारही बटणं एकदम दाबा. एक्सबॉक्सवर एलबी, आरबी, एक्स आणि वाय. पडद्यावर लिहायची पट्टी येते. बटणं खरोखर एकाच वेळी दाबली जावी लागतात. एखादं क्षणभर मागे राहिलं तर काहीच होत नाही आणि माणसाला वाटतं की आपल्या कन्सोलवर ही सोयच नाही. दोन-तीनदा प्रयत्न करा.

पट्टीत इंग्रजी अक्षरांत आधी 'चीट' लिहायचं, एक मोकळी जागा सोडायची, आणि मग 'डिस्ट्रॉय', 'वाइल्ड', 'डायनोज' हे तीन शब्द मध्ये जागा न सोडता एकसलग लिहायचे. 'चीट'ने काम झालं नाही तर त्या जागी 'अॅडमिनचीट' हा एक शब्द वापरून पाहा. लहान-मोठ्या अक्षरांचा प्रश्न येत नाही, पण 'डायनोज'च्या शेवटचं 'एस' विसरलं तर आदेश गप्प बसतो. चूक झाली असंही सांगत नाही.

आदेश लागला की चित्र क्षणभर अडखळतं आणि किनारा ओसाड पडतो. पक्षी नाहीत, मासे नाहीत. घाबरू नका. काही मिनिटांत प्राणी परत उगवायला लागतात, आणि ते नव्या नियमाने उगवतात.

नवा नियम खरंच लागला का, हे कसं ओळखायचं

इथे बहुतेक जण घाई करतात. पाच प्राणी पाहतात, पाचही कमी लेव्हलचे निघतात आणि पुन्हा मेन्यूत जाऊन काहीतरी बदलतात. पण जास्तीत जास्त डिफिकल्टीवरसुद्धा बहुतांश प्राणी खालच्या लेव्हलचेच असतात. 150 चा प्राणी रोज भेटत नाही. एखादा मोठा आकडा दिसतो का, याची वाट पाहणं ही चाचणी नव्हे.

चांगली चाचणी आकड्यांच्या पटीत आहे. गेम आतून डिफिकल्टीचा एक आकडा धरतो आणि रानटी प्राण्याची कमाल लेव्हल त्या आकड्याच्या 30 पट असते. आकडा 5 असेल तर कमाल 150. आकडा 4 असेल तर 120. आणि लेव्हल त्या आकड्याच्याच पायऱ्यांनी वर चढतात. 5 वर तुम्हाला 5, 10, 15, 20 असेच प्राणी दिसतील. 4 वर 4, 8, 12, 16. म्हणजे दुर्बीण घेऊन टेकडीवर बसा आणि दहा-बारा प्राण्यांच्या लेव्हल वाचा. सगळ्या पाचाच्या पटीत असतील तर काम झालं, मग त्यातला सर्वात मोठा आकडा 35 का असेना. सगळ्या चाराच्या पटीत असतील तर स्लायडर पूर्ण वर आहे पण 'मॅक्सिमम डिफिकल्टी'ची टिक लागलेली नाही. आणि 2, 7, 9, 13 असे कुठल्याच पाढ्यात न बसणारे आकडे दिसले तर एकतर जुने प्राणी शिल्लक आहेत किंवा स्लायडर मध्येच कुठेतरी अडकला आहे.

स्लायडर मध्ये असला तर काय होतं, हेही सांगतो, कारण यातच पुष्कळ जण फसतात. 'द आयलंड' या मूळ नकाशावर स्लायडर शून्यावर असला की आतला आकडा 0.5 होतो, म्हणजे कमाल लेव्हल 15. स्लायडर 1 वर असला की आकडा 4, कमाल 120. अर्ध्यावर, म्हणजे 0.5 वर, आकडा 2.25 येतो आणि कमाल लेव्हल जेमतेम 67. लोकांना वाटतं स्लायडर अर्ध्यावर म्हणजे खेळ मध्यम. प्रत्यक्षात 150 च्या तुलनेत तुम्ही कमाल लेव्हल निम्म्याहून जास्त कापून टाकलेली असते. अधिकृत सर्व्हरवर रानटी प्राणी 150 पर्यंत जात असत. तसंच हवं असेल तर स्लायडर टोकाला न्या आणि टिकही करा. दोन्ही केल्याने नुकसान काही नाही.

मोजताना गुहांमधले प्राणी धरू नका, त्यांच्या लेव्हल या हिशेबाबाहेर जातात. धातूच्या अंगाचे टेक डायनो 180 पर्यंत दिसतात आणि ज्या नकाशांवर वायव्हर्न, म्हणजे ड्रॅगनसारखे प्राणी, आहेत तिथे ते 190 पर्यंत. हे अपवाद पाहून आपली सेटिंग बिघडली असं समजू नका. साधे किनाऱ्यावरचे प्राणी मोजा.

सेटिंग आपोआप मागे जाते, असं वाटतं तेव्हा

काही महिन्यांपूर्वी मी 'द आयलंड'वर सगळं व्यवस्थित लावून ठेवलं होतं. एका मित्राला नव्या नकाशावर खेळून बघायचं होतं, म्हणून त्याच्यासाठी डिफिकल्टी खाली आणली. आठवड्याने माझ्या जगात परतलो तर नवे उगवणारे प्राणी पुन्हा कमी लेव्हलचे. मला वाटलं, अपडेटने काहीतरी बिघडवलं.

तसं काही नव्हतं. एकट्याने खेळताना लावलेल्या या सेटिंग्ज प्रत्येक जगासोबत वेगळ्या राहत नाहीत. नकाशा बदलला तरी सेटिंग्जचा संच तोच असतो. एका नकाशासाठी केलेला बदल दुसऱ्या नकाशावरही तसाच्या तसा लागू होतो. दोन जगं आलटून-पालटून खेळत असाल तर दर वेळी सुरू करण्याआधी सेटिंग्ज तपासाव्याच लागतात. त्यात धोका असा की जग चुकून खालच्या डिफिकल्टीवर दोन-तीन तास चाललं तर तेवढ्या वेळात उगवलेले प्राणी खालच्या लेव्हलचे होऊन बसतात. मग स्लायडर पुन्हा वर नेला तरी ते हटत नाहीत, आणि आपण परत पहिल्या प्रश्नावर येऊन पोहोचतो. हा दोष 'पुन्हा पुन्हा' येतो तो मुख्यतः यामुळे.

माझा उपाय साधा आहे. सगळं मनासारखं लागलं की सेटिंग्जच्या प्रत्येक पानाचा कन्सोलवरच स्क्रीनशॉट काढून ठेवतो. पानं बरीच आहेत, स्लायडर ढीगभर आहेत, आणि कुठला आकडा किती होता हे स्मरणात राहत नाही. त्याच मेन्यूत सगळं मूळ स्थितीला नेणारं बटणही आहे. कंट्रोलरने खाली-वर सरकताना तिथे बोट पडायला वेळ लागत नाही. स्क्रीनशॉट असला तर दहा मिनिटांत सगळं परत लागतं.

आणखी एक सवय लावून घ्या. बदल केल्यावर जग एकदा चालू करा, थोडं फिरा, मग मुख्य मेन्यूतून नीट बाहेर पडा. सेटिंग बदलून थेट कन्सोलच्या होम बटणाने गेम बंद करू नका. मोठा बदल करताना आदेशाच्या पट्टीत 'सेव्हवर्ल्ड' हा आदेशही देऊन ठेवा. जग तिथल्या तिथे सेव्ह होतं.

उलट्या दिशेचे स्लायडर

'खेळ फार कठीण आहे म्हणून प्लेयर रेझिस्टन्स 3 केला, आता एका फटक्यात मरतो.' ही तक्रार वाचली की मला मनापासून वाईट वाटतं, कारण चूक खेळाडूची नसते, नाव फसवं आहे. 'रेझिस्टन्स' म्हणजे प्रतिकार, तो वाढवला की मार कमी लागावा, असं कोणालाही वाटेल. गेममध्ये मात्र तो आकडा तुम्हाला लागणाऱ्या माराला गुणतो. 2 म्हणजे दुप्पट मार. 0.5 म्हणजे निम्मा. मजबूत व्हायचं असेल तर आकडा 1 च्या खाली न्यायचा. टेम केलेल्या प्राण्यांचा आणि बांधकामांचा रेझिस्टन्सही याच रीतीने चालतो.

अन्न, पाणी आणि दम यांचे 'ड्रेन' स्लायडर निदान नावाप्रमाणे वागतात: आकडा वाढला की भूक-तहान लवकर लागते, म्हणजे सोपं हवं तर कमी करा. दिवस आणि रात्रीच्या वेगाचंही तसंच. रात्रीचा वेग वाढवला की रात्र लवकर संपते. झाडं-दगड परत उगवण्याच्या काळाचा आकडा कमी केला तर ते लवकर उगवतात. टेमिंगचा वेग, अनुभवाचे गुण आणि मिळणारा माल यांचे आकडे वाढवले की खेळ सोपा होतो. एकंदरीत, नाव वाचून दिशा ठरवू नका. एकच स्लायडर बदला, खेळून पाहा, मग दुसरा.

पिल्लांच्या बाबतीत एक खास फसगत आहे. पिल्लू वाढण्याचा वेग वाढवला की ते झपाट्याने मोठं होतं, पण ते आपल्याकडून लाड मागतं त्या दोन वेळांमधलं अंतर मूळ सेटिंगवर 8 तासांचं असतं. पिल्लू चार तासांत वाढून मोकळं झालं तर त्याने एकदाही लाड मागितलेले नसतात आणि इम्प्रिंट, म्हणजे त्याचं तुमच्याशी जुळलेलं नातं मोजणारा आकडा, शून्यावर राहतो. वाढीचा वेग जितका वाढवाल त्या प्रमाणात लाडांचं अंतर, म्हणजे 'कडल इंटरव्हल', कमी करावं लागतं.

'सिंगल प्लेयर सेटिंग्ज' नावाची एक टिकही आहे. ती लावली की खेळाचं गणित एकट्या खेळाडूला झेपेल असं जुळवलं जातं. टेमिंग आणि पिल्लांची वाढ बरीच वेगवान होते. पण तुमचे स्वतःचे स्लायडर त्याच्या वर पुन्हा गुणले जातात. टिकही लावली आणि टेमिंगचा वेगही 5 वर नेला, तर टेमिंग इतकं झटपट होतं की त्यातली सगळी मजा जाते. मी टिक लावून ठेवतो आणि बाकीचे वेग 1 वरून सुरू करून हळूहळू वर नेतो.

मग डिफिकल्टी कमी करावी का?

नवखा माणूस मरतो, पुन्हा मरतो, आणि स्वाभाविकपणे डिफिकल्टी खाली आणतो. मी सांगेन, आणू नका.

या खेळात डिफिकल्टी फक्त शत्रूला बळ देत नाही. आजचा शत्रू हाच उद्याचा तुमचा सोबती असतो. पूर्ण परिणामकारकतेने टेम केलं तर प्राण्याला त्याच्या रानटी लेव्हलच्या निम्म्या लेव्हल वर मिळतात. 150 चा रेक्स 225 चा होतो. तोच रेक्स खालच्या डिफिकल्टीवर 30 चा भेटला तर टेम झाल्यावर 45 चा. आकाशातून उतरणाऱ्या पुरवठा पेट्यांतल्या वस्तूंचा दर्जाही डिफिकल्टीबरोबर खाली जातो. बॉसची, म्हणजे शेवटच्या लढाईतल्या बलाढ्य शत्रूची, पातळी मात्र तुम्ही गामा, बीटा की अल्फा यांतला कोणता प्रकार निवडता त्यावर ठरते, या स्लायडरवर नाही. म्हणजे सुरुवातीचे चार दिवस सोपे करण्याच्या नादात शेवटची लढाई अवघड होते, कारण तिथे न्यायला तुमच्याकडे दमदार प्राणीच नसतात.

त्यापेक्षा डिफिकल्टी टोकाला ठेवा आणि सोपेपणा दुसरीकडून आणा. प्लेयर रेझिस्टन्स 0.5 करा. टेमिंगचा वेग दुप्पट करा, कारण मोठ्या लेव्हलचा प्राणी टेम व्हायला वेळ जास्त घेतो. अन्न-पाण्याचा ड्रेन थोडा कमी करा. पाय स्थिरावले की एकेक आकडा परत 1 वर आणा. हे आकडे लगेच लागू होतात, त्यांना जुन्या-नव्या पिढीचा प्रश्न येत नाही. डिफिकल्टीच्या स्लायडरला तो येतो, म्हणून तो एकदा ठरवून पुन्हा न हलवलेलाच बरा.

तरीही कमी करायचीच असेल तर तोच आदेश पुन्हा द्यावा लागेल. स्लायडर खाली आणला म्हणून रानात फिरणारा 140 चा कार्नो काही 30 चा होत नाही. तो आहे तसाच तुमच्या झोपडीपर्यंत येतो.

दोघं-चौघं मिळून खेळताना

कन्सोलवर मित्राच्या जगात गेलात तर सेटिंग्ज यजमानाच्या चालतात. पाहुण्याने आपल्या मेन्यूत काहीही लावलं तरी त्या जगावर परिणाम नाही. 'माझ्याकडे टिक आहे, तरी 120 च दिसतात' असं पाहुणा म्हणत असेल तर यजमानाचा पडदा पाहा. एकाच पडद्यावर दोघं खेळत असाल तरी हेच.

भाड्याच्या सर्व्हरवर हा मेन्यू नसतो. तिथे सेटिंग्ज सर्व्हर देणाऱ्याच्या नियंत्रण पानावर असतात आणि दोन नोंदी एकत्र पाहाव्या लागतात: 'डिफिकल्टी ऑफसेट' 1 आणि 'ओव्हरराइड ऑफिशियल डिफिकल्टी' 5. पहिली म्हणजे आपला स्लायडर, दुसरी म्हणजे कमाल डिफिकल्टीची टिक. फक्त दुसरी 5 करून पहिली 0.5 वर सोडली तर आतला आकडा 2.75 येतो आणि प्राणी 82 च्या वर जात नाहीत. बदल केल्यावर सर्व्हर पुन्हा सुरू करावा लागतो. नुसत्या पुन्हा सुरू करण्याने जुने प्राणी जात नाहीत, तेव्हा अॅडमिनने आत येऊन तोच आदेश द्यायचा, किंवा नियंत्रण पानावर 'फोर्स रिस्पॉन डायनोज' असा पर्याय असेल तर तो लावून सर्व्हर चालू करायचा. त्याआधी सगळ्यांना निरोप द्या. अर्ध्या टेमिंगवर कोणाचा तरी प्राणी बेशुद्ध पडलेला असतोच.